१८० लिटर कुणी मोजले?

एनसीईआरटीच्या अकरावीच्या जीवशास्त्राच्या पुस्तकात उत्सर्जनावर एक प्रकरण आहे. त्यात मूत्रपिंडांच्या कामाविषयी दोन आकडे येतात. एके ठिकाणी म्हटले आहे की मूत्रपिंडांत दर मिनिटाला अकराशे ते बाराशे मिलिलिटर रक्त गाळले जाते. थोडे पुढे गेले की गाळण्याचा वेग मिनिटाला १२५ मिलिलिटर, म्हणजे दिवसाला १८० लिटर असल्याचे सांगितले आहे, आणि तिथे एक उद्गारचिन्ह दिले आहे. वर्गात हे प्रकरण शिकवताना दर दोन-तीन वर्षांनी एखादा विद्यार्थी हात वर करतो आणि विचारतो, "सर, नक्की किती गाळले जाते? बाराशे की सव्वाशे?"

प्रश्न रास्त आहे आणि चूक शब्दाची आहे. मिनिटाला बाराशे मिलिलिटर रक्त मूत्रपिंडांतून वाहते. त्यातल्या पेशी वगळल्या तर साधारण साडेसहाशे मिलिलिटर रक्तद्रव उरतो. या रक्तद्रवाचा जेमतेम पाचवा हिस्सा केशिकागुच्छांच्या भिंतींतून पलीकडे झिरपतो, तो सव्वाशे मिलिलिटर. पहिला आकडा वाहण्याचा, दुसरा गाळण्याचा. दोन्हींना 'गाळणे' हे एकच क्रियापद लावल्याने घोटाळा होतो. 'दररोज १८० लिटर रक्त गाळले जाते' असे आपणही फळ्यावर लिहून मोकळे होतो. ते १८० लिटर रक्त नव्हे, रक्तद्रवातून झिरपलेले पाणी आणि त्यातले लहान रेणू. वाहणाऱ्या रक्ताचा हिशेब केला तर दिवसाला सतराशे लिटरच्या वर जातो.

तथापि ही दुरुस्ती एका शब्दाची आहे, ती पेन्सिलीनेही करता येईल. माझी खरी तक्रार त्या उद्गारचिन्हाविषयी आहे. पुस्तक विद्यार्थ्याला थक्क व्हायला सांगते, पण हा आकडा कळला कसा, हे सांगत नाही. दिवसभरात शरीराबाहेर पडते ती लघवी दीड लिटरच्या आसपास. उरलेले १७८ लिटर सूक्ष्मनलिकांतून परत रक्तात जातात. ते कोणी पाहिलेले नाहीत, कोणत्या भांड्यात धरलेले नाहीत. मग मोजले कोणी, आणि कशाने? हा प्रश्न ज्याला पडत नाही, त्याच्या दृष्टीने १८० काय आणि ८१ काय, परीक्षेपुरते सारखेच.

उत्तराला लागते एक भांडे, एक घड्याळ, दोन परीक्षानळ्या आणि सातवीतले त्रैराशिक.

गुऱ्हाळाचे उदाहरण घेऊ. काहिलीत किती रस ओतला हे आपण पाहिलेले नाही. संध्याकाळी आपण पोहोचलो तेव्हा गूळ तयार होता, १० किलो. उसाचा थोडा रस बाजूला राहिला होता, तो तपासला तर लिटरमागे २०० ग्रॅम साखर निघाली. गुळातला ओलावा तूर्त सोडून देऊ. १० किलो साखर आणायला किती रस लागला असेल? ५० लिटर. पाणी उडून गेले, ते कोणी मोजले नाही, तरी रसाचा हिशेब लागला. मात्र यात काही गोष्टी गृहीत आहेत. रस उकळताना साखर वाटेत सांडता कामा नये. कोणी वरून साखर ओतता कामा नये (गुऱ्हाळांविषयी ही तक्रार नेहमीची आहे, तेव्हा अट अगदीच काल्पनिक नाही). आणि समोरचा गूळ त्याच दिवसाच्या रसाचा, सगळाच्या सगळा असला पाहिजे.

आता साखरेच्या जागी क्रिॲटिनीन ठेवा. स्नायूंतल्या क्रिएटिनपासून हा पदार्थ रोज जवळजवळ ठराविक प्रमाणात तयार होतो. रेणू लहान असल्याने केशिकागुच्छातून बिनअडथळा पलीकडे जातो. नलिका पाणी परत घेतात, मीठ परत घेतात, साखर परत घेतात, पण क्रिॲटिनीन परत घेत नाहीत. समजा मिनिटाला १ मिलिलिटर लघवी जमते आणि तिच्यात क्रिॲटिनीनचे प्रमाण रक्तद्रवातल्यापेक्षा १२५ पट आहे. एवढे क्रिॲटिनीन यायला १२५ मिलिलिटर रक्तद्रव गाळला गेलाच पाहिजे. १२५ गुणिले १४४० मिनिटे, १८० लिटर. उद्गारचिन्हाऐवजी एवढ्या ओळी छापल्या असत्या तर पान काही वाढले नसते.

या हिशेबाला एक जुना आणि गमतीदार इतिहास आहे. १८४२ साली जर्मनीत कार्ल लुडविग यांनी मांडले की केशिकागुच्छात रक्त दाबाने गाळले जाते आणि नलिकांत पाणी परत शोषले जाते. रुडॉल्फ हायडेनहाइन यांना ते पटले नाही. त्यांच्या मते मूत्र नलिकांच्या पेशीच पाझरतात. विरोधासाठी त्यांनी १८८०च्या दशकात वरच्यासारखाच हिशेब केला, युरिया घेऊन. दिवसाच्या लघवीतला सगळा युरिया निव्वळ गाळण्याने यायचा असेल तर रोज सुमारे ७० लिटर द्रव गाळावा लागेल आणि त्यातला बहुतेक परत शोषावा लागेल. निसर्ग एवढा वेडगळ उद्योग करील का, हा त्यांचा युक्तिवाद. हिशेब बरोबर होता, निष्कर्ष चुकला. खरे तर ७० लिटर हा आकडाही कमी होता, कारण गाळलेल्या युरियापैकी निम्म्याच्या आसपास नलिका परत घेतात. पुस्तकाने ज्या आकड्यापुढे कौतुकाचे चिन्ह दिले, तशाच आकड्याकडे पाहून एका थोर शरीरक्रियाशास्त्रज्ञाने सिद्धान्तच निकालात काढला होता. वर्गात वाचून दाखवावा असा हा प्रसंग आहे. तो कुठल्या शालेय पुस्तकात मला आढळलेला नाही.

कोंडी फुटली ती १९२०च्या दशकात. १९२४ साली अमेरिकेत वर्न आणि रिचर्ड्स यांनी बेडकाच्या एका केशिकागुच्छालगतच्या पोकळीतून अतिसूक्ष्म नळीने द्रव काढून तपासला आणि गाळण्याचा प्रत्यक्ष पुरावा मिळाला. १९२६ साली कोपनहेगनच्या पौल ब्रांट रेबर्ग यांनी माणसावर, म्हणजे स्वतःवरच, प्रयोग केला. शरीरातले मूळचे क्रिॲटिनीन इतके थोडे की त्या काळच्या पद्धतींनी रक्तात त्याचे विश्वसनीय मापन होईना. म्हणून त्यांनी क्रिॲटिनीन चक्क पोटात घेतले, घड्याळ लावून लघवी गोळा केली आणि दोन्हीकडची प्रमाणे ताडून पाहिली. मिनिटाला शंभराहून अधिक मिलिलिटर गाळले जात असल्याचे त्यातून दिसले. हायडेनहाइनना जो आकडा अशक्य वाटला होता, त्याच्या दुपटीचा हा आकडा. पुढे १९३७ साली पॉपर आणि मांडेल यांनी बाहेरून काही न देता शरीरातल्याच क्रिॲटिनीनवर ही चाचणी बेतली आणि ती रुग्णालयांत आली.

'क्लिअरन्स' हा शब्द मात्र व्हॅन स्लाइक आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा, १९२८च्या सुमाराचा. हा शब्द सोयीचा आहे, पण शिकवायला घातक. 'मिनिटाला १२५ मिलिलिटर रक्तद्रव क्रिॲटिनीनमुक्त होतो' असे म्हटले की मुलांच्या डोळ्यांसमोर धोब्याकडून आलेल्या कपड्यासारखे एक स्वच्छ रक्त आणि एक मळके रक्त उभे राहते. प्रत्यक्षात असे स्वच्छ रक्त कुठेच नसते. मूत्रपिंडातून बाहेर पडणाऱ्या सगळ्याच रक्तात क्रिॲटिनीन असते, आत शिरताना होते त्याहून थोडे कमी, इतकेच. क्लिअरन्स हे हिशेबातले आकारमान आहे, नळीतले नव्हे. गुऱ्हाळातल्या '५० लिटर'सारखेच ते मागे जाऊन काढलेले आहे.

आता भांड्याकडे आणि घड्याळाकडे वळू, कारण चाचणीची लंगडी बाजू तिथे आहे.

काही वर्षांपूर्वी माझ्या थोरल्या साडूंना एक औषध सुरू करायचे होते. ते शरीरातून मूत्रपिंडांवाटेच बाहेर पडते, म्हणून मात्रा मूत्रपिंडांच्या क्षमतेप्रमाणे ठरवायची होती. साडूंचे वय ५८, वजन ५५ किलो. रक्तातले क्रिॲटिनीन १.२, म्हणजे छापील 'सामान्य' मर्यादेच्या आतले. डॉक्टरांनी तरीही २४ तासांची लघवी तपासायला सांगितली. प्रयोगशाळेतल्या मुलाने प्लॅस्टिकचा कॅन हातात दिला आणि म्हणाला, "काका, उद्या सकाळपासून परवा सकाळपर्यंत सगळी यात धरा." साडू शिस्तीचे. रात्री दहाला लघवीला जाऊन झोपले ते सकाळी सहाला उठले, आणि उठल्यावरची पहिली लघवी त्यांनी मोठ्या निष्ठेने कॅनमध्ये धरली. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाची धरली आणि कॅन पोहोचता केला.

अहवाल आला. एकूण लघवी १९२० मिलिलिटर. तिच्यातले क्रिॲटिनीन १०० मिलिलिटरला ७२ मिलिग्रॅम. १९२० भागिले १४४०, मिनिटाला १.३३ मिलिलिटर. त्याला ७२ ने गुणून १.२ ने भागले की क्लिअरन्स ८०. उत्तम नाही, पण वयाच्या मानाने ठीक.

चूक कुठे झाली हे वाचकांच्या ध्यानात आले असेल. सकाळी सहाला मूत्राशयात जी लघवी होती ती रात्री दहापासून साठलेली. ती आधीच्या आठ तासांची. कॅनमध्ये २४ तासांची नव्हे, ३२ तासांची लघवी होती. घड्याळ सुरू करताना मूत्राशय रिकामे हवे. म्हणून पहिली लघवी टाकून द्यायची, त्या क्षणाची वेळ लिहायची, आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळेची शेवटची धरायची. हे एक वाक्य कोणी सांगितले नाही. प्रयोगशाळेतले मापन बिनचूक होते, भागाकार बिनचूक होता. चूक कॅनमध्ये होती आणि तिथे कोणतेही यंत्र पोहोचत नाही.

डॉक्टर जाणकार म्हणून निभावले. त्यांनी क्लिअरन्सकडे पाहण्याआधी एकूण क्रिॲटिनीन काढले, १३८२ मिलिग्रॅम, आणि त्याला वजनाने भागले. किलोमागे २५ मिलिग्रॅम. पुरुषांत हा आकडा साधारण २० ते २५ असतो, स्त्रियांत १५ ते २०, आणि वयाबरोबर स्नायू उतरतात तसा तो घसरतो. अठ्ठावन्न वर्षांच्या किडकिडीत माणसाला वरचे टोक शोभत नाही. "पहिली टाकली होती का हो?" त्यांनी विचारले. पुन्हा कॅन, या वेळी नीट सूचनांसह. दुसऱ्या खेपेस १६०० मिलिलिटर, ६५ मिलिग्रॅम, क्लिअरन्स ६०. आधीच्या आकड्यावर मात्रा बेतली असती तर औषध एक-तृतीयांशाने जास्त गेले असते. वजनाचा हा पडताळा एका भागाकाराचा आहे. मला अहवालांत तो छापलेला क्वचितच दिसला.

उलटी चूक अधिक सर्रास होते. दुपारी बाहेर असताना एकदा धरायचे राहून जाते, मग माणूस संकोचाने सांगत नाही, आणि चांगले मूत्रपिंड कागदावर आजारी ठरते. मग २४ तासच कशाला, एक तास मोजा, असे कोणी म्हणेल. तोही मार्ग आहे. पण लघवी करूनही मूत्राशयात थोडी मागे राहते, वृद्ध पुरुषांत प्रोस्टेटमुळे बरीच. सुरुवातीला रिकामे झालेल्या मूत्राशयात शेवटी १०० मिलिलिटर राहिली तर दिवसाच्या दीड लिटरच्या हिशेबात ती सात टक्के चूक. तासाभरात जमणाऱ्या साठ-सत्तर मिलिलिटरच्या हिशेबात सगळाच बोऱ्या. अवधी वाढवला की उरलेल्या लघवीची चूक घटते आणि विसरण्याची वाढते. प्रायोगिक विज्ञानातली ही नेहमीची ओढाताण आहे, आणि ती इतक्या घरगुती रूपात दुसरीकडे सापडणे कठीण.

गुऱ्हाळाची दुसरी अट आठवते ना, वरून साखर ओतायची नाही? क्रिॲटिनीन ही अट पाळत नाही. १९३५ साली जेम्स शॅनन यांनी दाखवले की माणसाच्या नलिका थोडे क्रिॲटिनीन रक्तातून उचलून स्वतःहून मूत्रात टाकतात. त्यामुळे क्लिअरन्स गाळण्याच्या खऱ्या वेगापेक्षा दहा ते वीस टक्के जास्त येतो. बिघडलेल्या मूत्रपिंडांत गाळणे घटते पण हे टाकणे त्या मानाने टिकते, म्हणून तिथे तो दीडपट किंवा त्याहूनही अधिक दिसू शकतो. म्हणजे ज्यांना खऱ्या आकड्याची सर्वांत जास्त गरज, त्यांनाच चाचणी सर्वांत जास्त दिलासा देते. तिचा हा दोष मला सर्वांत गंभीर वाटतो.

मग इतकी वर्षे चालले कसे? इथे एक योगायोग मदतीला आला. क्रिॲटिनीन मोजण्याची रूढ पद्धत १८८६ सालची, मॅक्स याफे यांची. पिक्रिक आम्लाबरोबर अल्कधर्मी द्रावणात नारिंगी रंग येतो, तो मोजायचा. पण रक्तातले इतरही काही पदार्थ तसाच रंग देतात, म्हणून रक्तातले क्रिॲटिनीन खऱ्याहून जास्त दिसायचे. लघवीत क्रिॲटिनीन इतके असते की तिथे ही भेसळ जाणवत नाही. अंशस्थानी नलिकांमुळे वाढ, छेदस्थानी रंगामुळे वाढ. भागाकार बऱ्यापैकी बरोबर. पुढे विकर-आधारित मापनपद्धती आल्या, प्रमाणीकरण झाले, छेद सुधारला आणि अंशातली चूक उघडी पडली. एक चूक दुरुस्त केल्याने उत्तर अधिक चुकते, हे गणिताच्या शिक्षकांनाही वर्गात सांगण्याजोगे आहे.

नलिका ज्याला हातही लावत नाहीत असा पदार्थ मिळाला तो डेलियाच्या कंदांत. इन्युलिन त्याचे नाव. १९३०च्या दशकाच्या मध्यास शॅनन आणि होमर स्मिथ यांनी, तसेच रिचर्ड्स यांच्या गटाने, तो वापरात आणला आणि तेव्हापासून गाळण्याच्या वेगाची कसोटी म्हणजे इन्युलिन. मात्र तो शिरेतून सतत द्यावा लागतो. रोजच्या दवाखान्यात कोण करणार?

आता कॅनही मागे पडला आहे. १९७६ साली कॉकक्रॉफ्ट आणि गॉल्ट यांनी वय, वजन आणि रक्तातले क्रिॲटिनीन एवढ्यावरून क्लिअरन्सचा अंदाज बांधणारे सूत्र दिले. १९९९ साली अमेरिकेतल्या लेवी यांच्या गटाने दुसरे सूत्र दिले आणि ते २४ तासांच्या लघवीपेक्षाही खऱ्या वेगाच्या अधिक जवळ जाते असे दाखवले. २००९ मध्ये सुधारित सूत्र आले, २०२१ मध्ये त्यातला वंशाचा गुणक वगळला गेला. आज रक्ताच्या अहवालावर हा आकडा बऱ्याचदा आपोआप छापून येतो. याविषयी कुरकुर करण्यात अर्थ नाही. रक्तातले क्रिॲटिनीन नुसते वाचणे त्याहून वाईट होते, कारण ते व्यस्त प्रमाणात चालते. एखाद्याचे ०.८ चे १.२ झाले तर दोन्ही आकडे 'सामान्य' असतात, पण गाळण्याची एक-तृतीयांश क्षमता गेलेली असते.

परंतु सूत्रात लघवी नाही, हे विसरू नये. सूत्र माणसाच्या स्नायूंचा अंदाज बांधते, वय आणि लिंग पाहून. तालमीतला पैलवान, पोलिओने दोन्ही पाय वाळलेला माणूस, अंथरुणाला खिळून झिजलेली आजी, यांच्याविषयी सूत्राला काहीच ठाऊक नसते. एकाला ते आजारी ठरवते, दुसऱ्यांना निरोगी. तिथे एक तर सिस्टॅटिन-सी सारखा, स्नायूंवर फारसा अवलंबून नसलेला पदार्थ मोजावा लागतो, नाही तर पुन्हा कॅन मागवावा लागतो. कॅन त्या माणसाचेच क्रिॲटिनीन मोजतो, सरासरी माणसाचे नाही.

गेल्या वर्षी हे प्रकरण शिकवताना मी पुस्तक बाजूला ठेवले आणि साडूंचा पहिला अहवाल, नाव झाकून, फळ्यावर लिहिला. रात्री दहा, सकाळी सहा, दुसरी सकाळ सहा, १९२० मिलिलिटर, ७२, १.२. चूक शोधायला वर्गाला दहा मिनिटे लागली. पुन्हा लघवी गोळा करावी लागली, असे मी सांगणार, इतक्यात मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "सर, पुन्हा कशाला? त्यांना रात्री कधी गेले ते आठवत होतं ना? मग १४४० ऐवजी ३२ तासांच्या मिनिटांनी भागायचं."

मी फळ्यावर भागले. ३२ तास म्हणजे १९२० मिनिटे, मिनिटाला बरोबर १ मिलिलिटर. ७२ भागिले १.२. साठ.